भंगारातली रिळं आणि आपली कात्री

मागच्या महिन्यात एका वस्तीतल्या समाजमंदिरात, चादरीवर प्रोजेक्टर मारून, आपल्याच एका पोराची चार मिनिटांची फिल्म दाखवली. पोरगा हुशार. दिवसा नोकरी, रात्री उसन्या लॅपटॉपवर कापाकापी, असं करून शिकलेला. जुन्या हिंदी सिनेमातली देवळाची, आरतीची, जमीनदाराच्या वाड्याची दृश्यं त्यानं उचलली होती आणि त्यांच्या मधे मधे आपल्या एका माणसाला गावात झालेल्या मारहाणीची क्लिप घातली होती. तीच क्लिप अकरा वेळा. कधी हळू, कधी उलटी, कधी आवाज काढून. पोरं चाट पडली. टाळ्या पडल्या. एकानं शिट्टीही मारली.

मागच्या रांगेतून एक आजी उठली. म्हणाली, ''बाळा, त्याला तितं एकदाच मारलं रं. तू अकरा येळा मारलंस.''

हॉल गप्प. पोरगा गप्प. आम्हीही गप्प. पुस्तकं वाचलेले, वादात कुणाला न ऐकणारे, व्यवस्थेच्या नावानं रोज उठून बोंब मारणारे आम्ही सगळे गप्प. कारण एक गोष्ट आमच्या कुणाच्या ध्यानातच आली नव्हती. ती क्लिप काढली होती मारणाऱ्यांनीच. कॅमेरा त्यांच्या हातात होता. मारता मारता त्यांनी शूटिंग केलं, स्वतःच पाठवलं, मिरवलं. आणि आपण तेच उचलून, त्यांच्याच डोळ्यांनी बघून, त्याला कला म्हणत होतो.

मित्रांनो, हे संपादकीय त्या आजीसाठी आहे. तिनं जे विचारलं ते एका पोराच्या फिल्मपुरतं नाही. जुनी फिल्म कापून, उलटीपालटी सांधून नवी फिल्म करण्याचा जो प्रकार जगभर गेली शंभर वर्षं चालू आहे, त्याच्या नरड्यालाच तिनं हात घातलाय.

हा प्रकार आपल्याकडे कुणी काढला की दोन ठरलेली उत्तरं येतात. पहिलं कायद्याच्या भाषेत बोलणाऱ्यांचं : ही चोरी आहे. दुसरं आपल्यातल्याच काही जुन्या कार्यकर्त्यांचं : हे भरल्या पोटाच्या कलावंतांचे चाळे आहेत, आपल्याला याचं काय करायचंय? पहिल्याला उत्तर द्यायला फार वेळ लागत नाही. दुसऱ्याला इतिहास सांगावा लागतो.

तर इतिहास. ७ जुलै १८९६ ला मुंबईत काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या माणसांनी ह्या देशात पहिल्यांदा सिनेमा दाखवला. तिकीट एक रुपया. आपल्या आजोबा-पणजोबांची त्या काळी दिवसाची कमाई किती असेल हे ज्यानं त्यानं घरी विचारावं. त्या दिवशी जी पाचसहा चिमुकली चित्रं दाखवली त्यात एक होतं फ्रान्समधल्या ल्यों शहरातल्या ल्युमिएरच्याच कारखान्यातून कामगार बाहेर पडतात त्याचं. १८९५ चं चित्रण. म्हणजे सिनेमा जन्माला आला तोच कामगारांना घेऊन. पण बघा हं, कारखान्याच्या आत नाही, गेटच्या बाहेर. मालकाचा कॅमेरा, मालकाचं गेट, आणि त्यातून लगबगीनं निघून जाणारी माणसं. नाव एकाचंही नाही.

ह्याला शंभर वर्षं झाली तेव्हा, १९९५ साली, हारून फारोकी ह्या जर्मन माणसानं ते चित्रण बाहेर काढलं. त्याच्याबरोबर शंभर वर्षांतल्या सिनेमांतली कारखान्याच्या गेटावरची दृश्यं गोळा केली आणि एकाला एक लावली. स्वतः एक कथा रचली नाही. नुसतं दाखवलं : सिनेमाला कामगार दिसतो तो बहुतेक काम संपल्यावर. गेटाच्या आत कॅमेरा क्वचित जातो. गेटावर काय दिसतं? संप, पहारा, पोलिस, हाणामारी, नाहीतर एखादी प्रेमकथा सुरू होते. शंभर वर्षं जे डोळ्यांसमोर होतं ते कुणाला दिसलं नव्हतं, कारण प्रत्येक तुकडा आपापल्या सिनेमात गुपचूप बसला होता. शेजारी शेजारी ठेवल्यावर बोलायला लागला. हेच ते काम. नवीन काही शूट करायचं नाही. जे आहे तेच असं मांडायचं की लपलेलं उघडं पडेल.

आता सांगा, हे भरल्या पोटाचं काम आहे का?

आणखी मागं जाऊ. सोव्हिएत रशियात एस्फिर शुब नावाची बाई होती. १९२२ पासून सरकारी फिल्म खात्यात नोकरीला. काम काय, तर परदेशी सिनेमे रशियन प्रेक्षकांसाठी कापून, जोडून, नव्या पाट्या लावून द्यायचे. कारकुनी काम म्हणा. पण ह्या कामात तिला कळलं की कात्री फिरली की तेच दृश्य दुसरंच काही बोलतं. मग फेब्रुवारी क्रांतीला दहा वर्षं होणार म्हणून तिनं झारच्या काळातली चित्रणं शोधायला सुरुवात केली. ओल लागलेल्या तळघरांतून, सडत पडलेल्या डब्यांतून. सुमारे साठ हजार मीटर फिल्म तिनं डोळ्यांखालून घातली. त्यात झारच्या पदरी असलेल्या कॅमेरावाल्यांनी काढलेली राजघराण्याची चित्रणंही होती : मिरवणुका, पाहुणे, बोटीवरची मजा. ह्यातून १९२७ साली तिनं 'रोमानोव्ह घराण्याचा अस्त' ही फिल्म उभी केली.

त्यातली एक जागा अशी. जहाजाच्या डेकवर उमराव बाया आणि अधिकारी नाचतायत. नाचून नाचून दमतात, घाम येतो. आणि लगेच पुढचं दृश्य : खणणारे शेतकरी. त्यांनाही घाम येतोय. बास. भाषण नाही, शिवी नाही. दोन घाम शेजारी शेजारी. झारच्या लोकांनी हौसेनं काढून घेतलेली चित्रणं झारच्याच विरुद्ध साक्षीला उभी राहिली. ज्यांना आपलं वैभव मिरवायचं होतं, त्यांनी आपलाच पुरावा स्वतःच्या पैशानं तयार करून ठेवला होता.

हे लक्षात ठेवा, कारण आपल्याकडेही असा ढीगभर पुरावा पडलाय. फक्त एक सावधगिरी. शुबची कात्री क्रांतीच्या बाजूनं चालली, पण तीच कात्री सत्तेच्या हातातही होती, आजही असते. टीव्हीवर रोज रात्री नऊ वाजता तीच कात्री चालते आणि मोर्चा दंगल होऊन बाहेर पडतो. कात्रीला जात नसते. हाताला असते.

आता अमेरिकेत चला. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये १९३४ साली जन्मलेला राफाएल मोंतान्येझ ओर्तिझ. घराणं पोर्तो रिकोचं. वडाऱ्याच्या पोरानं शाळेत कायम मागच्या बाकावर बसावं, तशी न्यूयॉर्कात पोर्तो रिकन माणसाची जागा. लहानपणापासून बघायला काय, तर काउबॉयचे सिनेमे. त्यात गोरा घोड्यावर, हातात बंदूक, आणि रेड इंडियन म्हणजे किंचाळत येऊन मरून पडणारी माशी. १९५७-५८ च्या सुमाराला ओर्तिझनं अँथनी मान ह्या दिग्दर्शकाच्या 'विंचेस्टर ७३' ह्या १९५० च्या सिनेमाची एक प्रिंट घेतली. कात्री घेतली नाही. इंडियन योद्ध्याची कुऱ्हाड घेतली. त्या कुऱ्हाडीनं रीळ तोडलं, तुकडे एका थैलीत भरले, आदिवासी वैदूकडं असते तशा, मंत्र म्हणत थैली हलवली, आणि हाताला येईल तो तुकडा दुसऱ्याला जोडला. काही उलटे, काही डोक्यावर. दोनेक मिनिटांची फिल्म.

दिसतं काय? घोडे आकाशात पळतात. बंदुकीचा बार होतो पण मरत कोण नाही. कोण मारतो, कोण मरतो, ह्याचा क्रमच मोडलाय. आणि मित्रांनो, सिनेमाची सगळी सत्ता त्या क्रमात असते. आधी इंडियन हल्ला करतो, मग गोरा गोळी झाडतो, हा क्रम लावला की गोळी न्याय्य होते. क्रम मोडला की नुसती गोळी उरते. आपल्या सगळ्या बातम्यांत 'दोन गटांत हाणामारी' असं लिहून येतं ना? तिथंही क्रमच तर लावलेला असतो.

हाच ओर्तिझ पुढं १९६९ साली न्यूयॉर्कात 'एल म्युसिओ देल बार्रियो' हे संग्रहालय सुरू करणारा. बार्रियो म्हणजे मोहल्ला, वस्ती. वस्तीचं संग्रहालय. मोडणारा माणूस मांडणाराही असतो, हे जे आपल्याला कायम 'तुम्ही नुसतं तोडताय' म्हणून हिणवतात त्यांच्यासाठी सांगतोय.

आणि आता चोरीचा मुद्दा. क्युबातला सांतिआगो आल्वारेझ. तरुणपणी अमेरिकेत जाऊन कोळशाच्या खाणीत राबला, हॉटेलात भांडी घासली. तिथं काळ्या माणसाचं काय होतं ते स्वतः बघितलं. क्रांतीनंतर १९५९ ला हवानात फिल्म संस्था निघाली, तिथं तो बातमीपट करायला लागला. अमेरिकेनं नाकेबंदी केलेली. फिल्म नाही, यंत्रं नाहीत, फिरायला परवानगी नाही. मग अमेरिकेतल्या काळ्यांच्या लढ्यावर फिल्म कशी करणार? त्यानं अमेरिकन मासिकांतले फोटो घेतले, हाताला लागलेली बातम्यांची चित्रणं घेतली, आणि लीना हॉर्न ह्या काळ्या गायिकेचं 'नाऊ' हे गाणं लावलं. १९६५ ची 'नाऊ!'. पाचसहा मिनिटं. कुत्रे सोडलेले पोलिस, फरपटत नेलेल्या बाया, आणि गाण्याच्या ठेक्यावर एकेक फोटो असा आदळतो की बघणारा खुर्चीत बसून राहत नाही. शेवटी मशीनगनच्या गोळ्यांनी पडद्यावर तोच शब्द लिहिला जातो : आत्ता. दोन फोटो, थोडं संगीत आणि कापायचं टेबल द्या, मी फिल्म करतो, अशा अर्थाचं तो म्हणायचा.

परवानगी घेतली होती का? नाही. कुणाकडं मागणार होता? काळ्या माणसाच्या पाठीवरच्या वळाचा कॉपीराइट एका गोऱ्या मासिकाकडं असतो, हेच मुळात पटतंय का तुम्हाला?

१९६६ साली ओकलंडला ब्लॅक पँथर उभी राहिली, १९७२ साली मुंबईत आपल्या पोरांनी तेच नाव घेतलं. नाव घेताना कुणाची परवानगी काढली नव्हती. नाव आपलं वाटलं म्हणून घेतलं. काही गोष्टी उचलणं म्हणजे चोरी नसते, नातं सांगणं असतं.

तरीही कायदा माहीत असावा, कारण कोर्टात आपल्या बाजूनं भावना चालत नाहीत. ह्या देशाचा १९५७ चा कॉपीराइट कायदा सांगतो की सिनेमावरचा हक्क तो प्रदर्शित झाल्याच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं. त्यानंतर तो सगळ्यांचा. आणि कलम ५२ नं टीकेसाठी, समीक्षेसाठी वाजवी वापराला मुभा ठेवलीय. गाण्यांचे हक्क वेगळे, ते जपून. पण 'जुन्या सिनेमाला हात लावला की तुरुंग' ही जी भीती पोरांच्या मनात घातलीय, ती अर्धी खोटी आहे.

म्हणून एक काम सुचवतो. कुणीतरी करा. १९३६ चा 'अछूत कन्या' आणि १९५९ चा 'सुजाता'. दोन्हींची साठ वर्षं संपली. दोन्ही आपल्यावर, म्हणजे आपल्याविषयी कणव असलेल्यांनी काढलेले. पहिल्यात देविका राणी रेल्वे फाटकावरच्या अस्पृश्य गेटमनची पोरगी. शेवटी धावत्या गाडीपुढं उभी राहते, दुसऱ्यांना वाचवायला जाते आणि मरते. दुसऱ्यात नूतन ब्राह्मणाच्या घरी वाढलेली अस्पृश्य पोर. घरातली आई तिला कधी मनापासून मुलगी म्हणत नाही. मग ती आई आजारी पडते, रक्त लागतं, आणि सगळ्या घरात जुळतं ते ह्याच पोरीचं. रक्त दिल्यावर ती मुलगी होते.

ही दोन दृश्यं शेजारी शेजारी लावा. गाडी आणि रक्त. रक्त आणि गाडी. एक शब्द बोलू नका. तेवीस वर्षांत हिशेब किती बदलला ते आपोआप दिसेल. आधी जीव द्यावा लागत होता, मग बाटलीभर रक्तावर भागलं. पण फुकट माणूस म्हणायला कोणी तयार नव्हतं. शुबनं दोन घाम लावले, तुम्ही दोन किमती लावा.

आणि त्या दोन किमतींच्या मधे एक काळी चौकट ठेवा. पूर्ण रिकामी. ती पी. के. रोझीसाठी.

रोझी कोण? केरळातली दलित बाई. मजुरी करणारी. जे. सी. डॅनियल ह्यांनी १९२० च्या दशकाअखेरीला मल्याळममधला पहिला सिनेमा काढला, 'विगतकुमारन', त्याची ती नायिका. भूमिका नायर बाईची. दलित बाईनं सवर्ण बाईचं काम केलं म्हणून वरच्या जातीच्या जमावानं धुडगूस घातला, तिला गाव सोडून पळून जावं लागलं, आणि पुढं आयुष्यभर तिनं नाव लपवून दिवस काढले. आज त्या सिनेमाची प्रिंट नाही. पडद्यावरची रोझी आपण कुणीच बघू शकत नाही. सवर्ण नटीनं अस्पृश्य पोरीचं काम केलं तर तिचं कौतुक, अभिनयाची उंची वगैरे. अस्पृश्य बाईनं सवर्णाचं काम केलं तर दगड. हा आपल्या सिनेमाचा पहिला नियम. पुस्तकात लिहिलेला नाही, पण पाळला गेला.

इथं ह्या सगळ्या प्रयोगाची हद्द कळते. कापायला आधी काहीतरी असावं लागतं. ज्याचं चित्रणच झालं नाही, झालं ते टिकलं नाही, त्याचं काय कापणार? ह्या देशातले बहुतेक मूकपट गेले. पहिला बोलपट १९३१ चा 'आलम आरा', त्याचीही प्रिंट शिल्लक नाही. रिळं चांदी काढण्यासाठी भंगारात गेली. २००३ साली पुण्याच्या फिल्म संग्रहालयात आग लागली, त्यात जुनी नायट्रेट रिळं जळाली. भंगार म्हणजे काय ते आपल्याला दुसऱ्यांनी सांगायला नको. शहराचं भंगार वेचणारे हात कुणाचे आहेत, ते आपल्याला माहीत आहे. पण त्या भंगारात आपली म्हणून किती रिळं होती? सवर्णाच्या घरचं लग्न, बारसं, मुंज आठ मिलिमीटरवर घरोघरी पडून आहे. आपल्या वस्तीतलं, चाळीतलं, मिरवणुकीतलं किती आहे?

शेरिल डुन्ये ह्या काळ्या अमेरिकन बाईपुढं हाच पेच होता. जुन्या सिनेमांतल्या काळ्या नटी शोधायला गेली, तर श्रेयनामावलीत त्यांची नावंच नाहीत. मग तिनं १९९६ साली 'द वॉटरमेलन वुमन' केली. जुने वाटावेत असे फोटो काढले, जुनी वाटावीत अशी चित्रणं तयार केली, फे रिचर्ड्स नावाची एक नटी उभी केली. आणि शेवटी पडद्यावर सरळ कबूल केलं की ही बाई मी रचलीय. हे कबूल करणं फार महत्त्वाचं. इतिहास चोरला गेला असेल तर कल्पनेनं भरून काढा, पण खोट्याला पुरावा म्हणून विकू नका. तसलं विकणारे खूप आहेत. आज तर कॉम्प्युटरला सांगितलं की तो मेलेल्या माणसाला बोलायला लावतो. आपण त्या बाजारात उभं राहायचं नाही.

आता पुन्हा आजीकडं. तिचा प्रश्न चोरीचा नव्हता, कलेचा नव्हता. तिचा प्रश्न होता : ह्या माणसाला तुम्ही परत परत का मारता?

इटलीत, मिलानमध्ये, यर्वांत जानिकियन आणि आंजेला रिच्ची लुक्की हे जोडपं होतं. त्यांना लुका कोमेरिओ ह्या जुन्या कॅमेरावाल्याच्या संग्रहातली रिळं मिळाली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीची. ध्रुवावर अस्वलाची शिकार, आफ्रिकेतल्या मोहिमा, सैनिक, मिशनरी. युरोपनं जगाला कसं पायाखाली घातलं त्याचा युरोपनंच अभिमानानं काढलेला अल्बम. ह्या दोघांनी एकेक चौकट हातानं पुढं सरकवत पुन्हा फोटोत घेतली, वेग उतरवला, रंग चढवला, आणि १९८६ साली 'ध्रुवापासून विषुववृत्तापर्यंत' ही फिल्म केली. वेग उतरवल्यावर काय होतं? शिकाऱ्याचा रुबाब गळून पडतो. मरायला लागणारं जनावर दिसतं. कडेला उभी असलेली, कॅमेऱ्याकडं बघणारी माणसं दिसतात. मूळ चित्रणात त्यांच्याकडं कुणाचं लक्ष नव्हतं. ती कोपऱ्यातली नजर इथं आपल्यावर रोखली जाते.

म्हणजे हळू करणं, थांबवणं, पुन्हा दाखवणं ही हत्यारं आपल्या पोरानंही वापरली आणि त्यांनीही. फरक कुठं पडला? त्यांनी हत्यार शिकाऱ्यावर चालवलं. आपल्या पोराच्या हातून ते शिकार झालेल्यावर चाललं. आजीला हे एका नजरेत कळलं. आम्हाला चार रात्री वाद घालून कळलं.

काळ्या अमेरिकनांतही हा वाद पेटलेला आहे. २०१६ साली आर्थर जाफानं सात-आठ मिनिटांची फिल्म केली. काळ्यांचे खेळाडू, नाचणारे, गाणारे, चर्चमध्ये अंगात आल्यासारखी झालेली माणसं, आणि मधेच पाठमोरा पळणारा निःशस्त्र काळा माणूस, पोलिसाच्या गोळीनं कोसळणारा. फिल्म जगभर संग्रहालयांत गेली. लोक रडत बाहेर आले. पण प्रश्न उभा राहिलाच : गोऱ्या प्रेक्षकानं गार हॉलमध्ये दोन आसवं गाळून मोकळं व्हावं, म्हणून काळा माणूस पडद्यावर रोज मरत राहायचा का? आम्हाला ती फिल्म मोठी वाटते, कारण तिथं मरण आहे तसं जगणंही आहे, आणि जगणं जास्त आहे. पण प्रश्नही खराच आहे. दोन्ही एकदम खरं असू शकतं.

आपल्या घरचं उदाहरण आहे. १९८५ च्या 'हमारा शहर' मध्ये आनंद पटवर्धनांनी मुंबईच्या झोपडपट्टीतला एक गाणारा माणूस टिपला होता. शाहीर विलास घोगरे. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली, आणि चारच दिवसांनी विलास घोगरेंनी आत्महत्या केली. पुढं चौदा वर्षं चित्रण करत २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पुरी झाली, त्यात ते जुनं चित्रण पुन्हा आलं. आता विचार करा. १९८५ साली ते गाणं म्हणजे एका फिल्ममधलं एक दृश्य होतं. २०११ साली तेच दृश्य, तेच रीळ, पण ते म्हणणारा माणूस गेलेला आहे हे आपल्याला माहीत आहे. काही बदललं नाही आणि सगळं बदललं. जुनं चित्रण पुन्हा वापरायचं म्हणजे हे. शाहीर तिथं प्रेत म्हणून परत येत नाहीत. गात परत येतात. आवाज त्यांचा, नाव त्यांचं.

ह्यावरून आम्ही स्वतःपुरतं काही ठरवलंय. जाहीर लिहितोय, म्हणजे उद्या आम्ही चुकलो तर कान धरता येईल.

एक : मारणाऱ्याच्या कॅमेऱ्यातून आलेलं चित्रण आम्ही आहे तसं पडद्यावर दाखवणार नाही. वापरायचंच झालं तर कात्री मारणाऱ्यावर चालेल. त्याचा चेहरा, त्याचं हसू, त्याच्या आजूबाजूला उभी राहून बघणारी माणसं. मार खाणाऱ्याचं अंग चौकटीबाहेर.

दोन : ज्याचं चित्र वापरतो तो किंवा त्याच्या घरचं कुणी हयात असेल, तर आधी त्याला विचारायचं. कंपनीला नाही विचारलं तरी चालेल, त्या घराला विचारायचंच. नको म्हणाले तर नको.

तीन : सरकार, सिनेमावाले, सवर्ण समाज ह्यांनी आपल्याविषयी जे काढलं त्याच्यावर मात्र बिनधास्त कात्री चालवायची. तिथं लाज नको, भीड नको. ते आपल्याच घामाचं आहे.

चार, आणि हे सगळ्यांत अवघड : आपलं आपण शूट करायचं आणि जपायचं. आंदोलनाचं तर करतोच. पण आजीनं भाकरी थापताना, बाप कामावरून आल्यावर, पोरं अभ्यासाला बसल्यावर, बारसं, लग्न, गाणं, भांडण. मोबाईल प्रत्येकाच्या खिशात आहे. तारीख लिहा, जागा लिहा, नाव लिहा, आणि दोन ठिकाणी ठेवा. फोन हरवला की रीळ गेलं, हे ध्यानात ठेवा. पन्नास वर्षांनी आपल्या नातवंडांच्या हातात कात्री असेल. त्यांनी काय कापायचं? मारणाऱ्यांनी ठेवलेल्या क्लिपाच कापायच्या का?

तो पोरगा त्या दिवसानंतर आठवडाभर आला नाही. मग एका संध्याकाळी आला. फिल्म पुन्हा कापली होती. मारहाण नव्हतीच. तिच्या जागी मूळ क्लिपमधला एकच तुकडा होता, दीड-दोन सेकंदांचा : मागं ओट्यावर बसून हसत बघणारे चार जण. देवळाची आरती, मग हे चौघं. वाड्यातला जमीनदार, मग हे चौघं. प्रत्येक वेळी थोडे जास्त हळू. शेवटी एकाचं हसू गोठून पडद्यावर राहतं, आणि बघणाऱ्याला त्याच्याकडं बघत बसावं लागतं.

पुढच्या रविवारी त्याच समाजमंदिरात ती पुन्हा दाखवणार आहोत. आजीला निरोप धाडलाय. ती म्हणाली, बघते आधी, मग सांगते.

आमची परीक्षा तीच घेईल. तुम्हीही या.

— संपादक